एक पराभव, दोन आत्मकथने

मराठीत आत्मचरित्रांना तोटा नाही. नट-नट्यांनी, पुढाऱ्यांनी, शिक्षकांनी, संसार केलेल्या आणि संसार मोडलेल्या स्त्रियांनी, गावकुसाबाहेरून आलेल्या लेखकांनी आपापली आयुष्ये सांगितली आणि आपण ती आवडीने वाचली. खेळाडू मात्र या पंगतीत फारसे दिसत नाहीत. दिसले तर ते बहुधा क्रिकेटवाले असतात, आणि त्यांच्या पुस्तकांत धावा जास्त व माणूस कमी, असा माझा तरी अनुभव आहे. त्यामुळे खेळाडूचे आत्मकथन हा वाङ्मयीन विचाराचा विषय होऊ शकतो, हे आपल्या समीक्षेने फारसे मनावर घेतलेले नाही.

मी येथे दोन अमेरिकन आत्मकथनांविषयी लिहिणार आहे. दोन्ही स्त्रियांची आहेत आणि दोघीही अमेरिकेच्या महिला फुटबॉल संघाच्या गोलरक्षक होत्या. पहिले होप सोलो हिचे 'सोलो : अ मेमॉयर ऑफ होप' (२०१२), दुसरे ब्रियाना स्करी हिचे 'माय ग्रेटेस्ट सेव्ह' (२०२२). या दोन पुस्तकांच्या मध्ये एक सामना उभा आहे. एकीला त्या सामन्यात खेळू दिले नाही. दुसरी खेळली आणि तिच्यावर चार गोल झाले. एकाच पराभवाच्या दोन कहाण्या, त्याही एकाच जागेच्या दोन हक्कदारांनी सांगितलेल्या, असा योग वाङ्मयात क्वचितच येतो. माझा मुख्य विषय स्करी आहे. सोलोचे पुस्तक तिच्याशेजारी ठेवून वाचावे, एवढेच माझे म्हणणे.

१

गोलरक्षकाचे आयुष्य सांगायला अवघड असते, हे आधी लक्षात घेतले पाहिजे. बेळगाव आणि गोव्याच्या वाचकांना मी फुटबॉल समजावून सांगण्याची गरज नाही. पण इंदूर-बडोद्याच्या घरांत हा अंक वाचला जाईल, म्हणून दोन शब्द. पुढच्या फळीतला खेळाडू गोल करतो, म्हणजे काहीतरी 'घडवतो'. गोलरक्षक मात्र घडू देत नाही. त्याचा उत्तम दिवस म्हणजे फलकावरचे शून्य. नव्वद मिनिटे उभे राहून पाटी कोरी ठेवली, तर ती त्याची कामगिरी; आणि कोऱ्या पाटीवर वाचण्यासारखे काय असणार? लोकांच्या लक्षात राहतात ते अडवलेले चेंडू नव्हेत, सुटलेले. बाकीच्या दहाजणांच्या चुका मैदानात विरून जातात. गोलरक्षकाची चूक मागच्या जाळ्यात जाऊन पडते आणि सर्वांना दिसते.

म्हणजे गोलरक्षकाने आत्मकथन लिहायचे, तर न घडलेल्या गोष्टींची कथा सांगायची. नाहीतर घडलेल्या, म्हणजे हरलेल्या, गोष्टींचा जबाब द्यायचा. दोन्ही पुस्तकांचा सूर या अडचणीतून निघालेला आहे.

२

स्करीचा जन्म १९७१ चा, मिनेसोटा राज्यातला. नऊ भावंडांत ती धाकटी. डेटन नावाच्या ज्या गावात ती वाढली ते जवळजवळ सगळे गोऱ्यांचे. तिचे कुटुंब कृष्णवर्णीय. मॅसॅच्युसेट्स विद्यापीठाकडून खेळून १९९४ साली ती राष्ट्रीय संघात आली आणि पुढे पावणेदोनशेच्या आसपास आंतरराष्ट्रीय सामने खेळली. एवढ्या वर्षांच्या त्या संघात तिच्या रंगाची माणसे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी. समलिंगी असल्याचेही तिने फारसे लपवले नाही. तिच्यावर २०२२ साली निघालेल्या माहितीपटाचे नाव 'द ओन्ली' आहे, ते उगीच नव्हे. एकटी असणे हा गोलरक्षकाच्या जागेचा धर्मच. स्करीच्या वाट्याला तो दुहेरी-तिहेरी आला.

तिच्या कारकिर्दीचा चढउतार कादंबरीकाराला हेवा वाटावा असा आहे. १९९५ च्या विश्वचषकात डेन्मार्कविरुद्ध तिला मैदानाबाहेर काढण्यात आले. बदली खेळाडू संपलेले, तेव्हा आघाडीची मिया हॅम हातमोजे चढवून गोलपुढे उभी राहिली. पुढच्याच वर्षी ऑलिंपिकमध्ये महिला फुटबॉल प्रथमच आले आणि अमेरिकेने चीनला २-१ असे हरवून सुवर्णपदक मिळवले. तो अंतिम सामना जॉर्जिया राज्यातल्या अथेन्स गावी झाला. जिंकलो तर अथेन्सच्या रस्त्यावरून विवस्त्र धावेन, असे स्करी आधी बोलून बसली होती. दिलेला शब्द तिने रात्री, सामसूम गल्लीत, गळ्यात फक्त ते पदक घालून पाळला. हे पदक वाचकांनी ध्यानात ठेवावे. ते पुढे पुन्हा येणार आहे.

मग १० जुलै १९९९. पॅसाडेनाच्या रोझ बाउल मैदानावर ९०,१८५ प्रेक्षक, समोर पुन्हा चीन. जादा वेळेनंतरही ०-०. जादा वेळेत चीनचा एक हेडर गोलरेषेवरून क्रिस्टीन लिलीने डोक्याने परत लावला नसता, तर पुढचे काही झालेच नसते. टायब्रेकरमध्ये दोन्ही संघांचे पहिले दोन फटके गोलात गेले. तिसऱ्या फटक्याला चीनची लिऊ यिंग आली आणि स्करीने डावीकडे झेप घेऊन चेंडू परतवला. त्या पाच-पाच फटक्यांत हुकलेला हा एकच. शेवटचा फटका ब्रँडी चॅस्टेनने डाव्या पायाने मारला, अंगातला शर्ट काढून ती गुडघ्यांवर बसली आणि ते छायाचित्र जगभर गेले. विश्वचषक ज्या हातांनी राखला ते हात त्या चित्रात नाहीत.

याबद्दल तक्रार करणे सोपे होते. स्करीने ती गोष्ट तक्रारीच्या सुरात सांगितलेली नाही, आणि हा तिच्या पुस्तकाचा मोठा गुण. पण त्याच क्षणातली दुसरी एक गोष्ट मला जास्त महत्त्वाची वाटते. फटका मारला जाण्यापूर्वीच स्करी रेषेवरून पुढे सरकली होती. त्या वेळच्या नियमाप्रमाणे चेंडूला पाय लागेपर्यंत गोलरक्षकाने रेषा सोडायची नव्हती. पंचांनी शिट्टी वाजवली नाही. पुढे सरकल्याचे तिने कधी लपवले नाही. सगळेच गोलरक्षक पावलाचा फायदा घेतात, पंचाने दिला तर तो आपला, अशी त्यामागची धंद्यातली रीत.

सीमाभागात राहणाऱ्याला रेषेचे महत्त्व वेगळे सांगायला नको. रेषा कोठे आहे यापेक्षा ती कोण पाहतो आहे, यावर किती गोष्टी ठरतात! १९९९ साली पाहणारा पंच एक माणूस होता. २०१९ च्या विश्वचषकात व्हिडिओ पंच आले होते आणि निदान एक पाय रेषेवर हवा, असा नवा नियम लागू झाला होता. फ्रान्सच्या वेंडी रेनारची पेनल्टी खांबाला लागून बाहेर गेली; पण नायजेरियाची गोलरक्षक चियामाका नाडोझी रेषेपुढे आली म्हणून फटका पुन्हा घेतला गेला आणि या खेपेस गोल झाला. दोनच दिवसांनी स्कॉटलंडच्या ली अलेक्झांडरने अडवलेली पेनल्टी अशीच परत मारली गेली आणि तिचा संघ स्पर्धेबाहेर पडला. वीस वर्षांपूर्वी हेच यंत्र पॅसाडेनात असते तर? स्करीचा पराक्रम याने खोटा ठरत नाही. दिशा तिने अचूक ओळखली होती आणि ती झेप तिचीच होती. पण ज्या क्षणावर एखाद्याची सारी कीर्ती उभी असते त्याच्या पायाखालीही अर्धे पाऊल संशयाचे असते, हे आत्मकथनकाराने उघड्या डोळ्यांनी पाहावे, अशी माझी अपेक्षा आहे. लिऊ यिंगला त्या अर्ध्या पावलासह उरलेले आयुष्य काढावे लागले. जिंकणाऱ्याच्या आत्मकथनात हरणाऱ्याला जागा किती मिळते, यावरून लेखनाची उंची ठरते. या कसोटीला 'माय ग्रेटेस्ट सेव्ह' पुरते उतरत नाही. त्यातल्या १९९९ ला विजयाच्या झगझगाटाची सवय झालेली आहे.

३

आता तो पराभव. २००७ चा विश्वचषक चीनमध्ये होता. मधल्या काळात स्करीने बरेच पाहिले होते. सिडनीच्या ऑलिंपिकमध्ये ती राखीव होती. २००४ साली अथेन्समध्ये, या खेपेस ग्रीसच्या, ती पुन्हा गोलपुढे उभी राहिली आणि दुसरे सुवर्णपदक घेऊन आली. त्या ऑलिंपिकच्या थोडेच आधी तिचे वडील वारले होते. २००७ पर्यंत पहिली जागा होप सोलोकडे आली. ती दहा वर्षांनी लहान. सोलोने स्वीडन, नायजेरिया व इंग्लंड यांच्याविरुद्ध ओळीने तीन सामन्यांत एकही गोल होऊ दिला नाही. आणि २७ सप्टेंबरला हांगझोऊ येथे ब्राझीलविरुद्धच्या उपांत्य सामन्यासाठी प्रशिक्षक ग्रेग रायन यांनी तिला बाहेर बसवून छत्तीस वर्षांच्या स्करीला उभे केले. ब्राझीलविरुद्धची तिची जुनी कामगिरी, हे कारण. अमेरिका ०-४ अशी हरली. पहिला गोल आपल्याच खेळाडूकडून झालेला, दोन मार्ताचे, एक क्रिस्तियानेचा. मध्यंतरापूर्वीच अमेरिकेच्या एका खेळाडूला लाल कार्ड मिळालेले.

सामना संपल्यावर सोलो वार्ताहरांपुढे बोलली. निर्णय चुकीचा होता, आणि मी असते तर ते गोल अडवले असते, असा तिच्या बोलण्याचा आशय. संघाने तिला वाळीत टाकले, हा शब्द मी विचार करून वापरतो. तिसऱ्या क्रमांकाच्या सामन्याला तिला नेले नाही, संघाबरोबर बसू-जेवू दिले नाही, परतीच्या विमानातही ती वेगळी. तो सामना स्करी खेळली आणि अमेरिका ४-१ अशी जिंकली. पुढे प्रशिक्षक बदलले. स्वीडनच्या पिया सुंधागे आल्या आणि सोलोला त्यांनी परत घेतले. २००८ च्या बीजिंग ऑलिंपिकमध्ये ती ब्राझीललाच हरवून सुवर्णपदक घेऊन आली. स्करीची तिने माफी मागितली होती. स्करीने ती स्वीकारली होती.

सोलोचे आत्मकथन या प्रसंगाभोवती फिरते. व्हिएतनामच्या युद्धातून परतलेले, पुढे सिएटलच्या रस्त्यांवर बेघर राहिलेले तिचे वडील हे त्या पुस्तकातले खरे पात्र. २००७ च्या जूनमध्ये ते गेले. त्यांची चिमूटभर रक्षा ती सामन्याआधी गोलमध्ये टाकत असे. त्या जागेवरून आपल्याला उठवले, ही तिची वेदना या तपशिलाने एकदम वेगळी दिसू लागते. आणि वार्ताहरांपुढचे ते उद्धट वाक्य क्षम्य नसले तरी समजण्याजोगे होते. पुस्तकाची ताकद या रागात आहे, आणि मर्यादाही रागातच. 'मी असते तर' हे वाक्य कधीही खोटे ठरवता येत नाही. म्हणून ते खरेही ठरत नाही. सोलोला ते वाक्य पाच वर्षांनीही सोडवत नाही.

येथे आत्मचरित्र कधी लिहावे, हा जुनाच प्रश्न समोर येतो. सोलोचे पुस्तक आले तेव्हा ती एकतीस वर्षांची होती आणि पुरती खेळत होती. त्यानंतर २०१५ चा विश्वचषक तिने जिंकला. २०१६ साली रिओत स्वीडनकडून हरल्यावर त्या संघाला तिने भित्रे म्हटले, आणि तिचा राष्ट्रीय संघाशी संबंध तेथे संपला. २००७ आणि २०१६ शेजारी ठेवले की एक स्वभाव दिसतो, पण त्याचे चिंतन २०१२ च्या पुस्तकात असणे शक्य नव्हते. स्करीने लिहिले ते पन्नाशीला आल्यावर. अडवायचे चेंडू संपले होते. उरला होता हिशेब. घाईने लिहिलेल्या आत्मकथनात बाजू मांडली जाते. उशिरा लिहिलेल्यात निदान दुसरी बाजू ऐकू येण्याची शक्यता असते. स्करी हांगझोऊविषयी लिहिताना प्रशिक्षकाच्या निर्णयाआड लपत नाही आणि सोलोवर उट्टेही काढत नाही. चार गोल तिच्यावर झाले, आणि ते ती आपल्या नावावर घेते.

४

दोन्ही पुस्तके शब्दांकित आहेत, हेही बोलले पाहिजे. सोलोला अ‍ॅन किलियन यांची मदत झाली, स्करीला वेन कॉफी यांची. शब्दांकन म्हटले की आपल्याकडे नाक मुरडले जाते. पण हंसा वाडकर यांचे 'सांगत्ये ऐका' अरुण साधूंनी शब्दांत उतरवले, ते आधी 'माणूस'मधून क्रमशः आले, आणि १९७० साली पुस्तक झाल्यापासून त्याच्या सच्चेपणाबद्दल कोणी शंका घेतलेली नाही. सांगणारीचा श्वास लिहिणाऱ्याने मोडला नाही, म्हणजे झाले.

कॉफी यांच्याबाबतीत एक गंमतीची गोष्ट आहे. हांगझोऊनंतर सोलोच्या बाजूने उभ्या राहिलेल्या थोड्या खेळाडूंत कार्ली लॉईड होती. तिचे आत्मकथन २०१६ साली आले, आणि तेही कॉफी यांच्याच साहाय्याने. एकाच लेखणीने एकाच घरातल्या भांडणाच्या दोन बाजूंना शब्द पुरवले! यात गैर काही नाही. पण अमेरिकन खेळाडूंची आत्मकथने एकमेकांसारखी का वाटतात, याचे उत्तर येथे थोडेसे सापडते. आधी संकट, मग जिद्द, मग यश आणि शेवटी कृतज्ञता, असा साचा ठरून गेला आहे. स्करीच्या पुस्तकाचा पूर्वार्ध या साच्यात बऱ्यापैकी अडकलेला आहे. वाचताना एखाद्या ठिकाणी ती नव्हे, व्याख्यानमंचावरची पाहुणी बोलते आहे असे वाटते.

५

उत्तरार्ध मात्र साचा मोडतो, आणि त्यासाठीच हे पुस्तक वाचावे.

२५ एप्रिल २०१० रोजी व्यावसायिक लीगच्या एका सामन्यात, खाली येणारा चेंडू घेण्यासाठी स्करी वाकली असताना धावत आलेल्या खेळाडूचा गुडघा तिच्या उजव्या कानशिलावर बसला. मध्यंतरापर्यंत ती खेळत राहिली. तो तिचा शेवटचा सामना. हाड मोडले असते तर क्ष-किरणात दिसले असते. मेंदूला बसलेला धक्का कोणाला दिसत नव्हता. डोके दुखणे थांबेना, उजेड सहन होईना, आठवण राहीना, मन काळवंडत गेले. उपचाराच्या खर्चासाठी विम्याशी झगडा. आणि एके दिवशी तिने आपली दोन्ही सुवर्णपदके गहाणवटीच्या दुकानात ठेवून अठरा हजार डॉलर उचलले. अथेन्सच्या गल्लीत तिच्या अंगावर जे एकच आभूषण होते, ते असे गेले. न्यू जर्सीतल्या लिटल फॉल्स येथे धबधब्याच्या काठाशी उभे राहून जीव देण्याचा विचारही तिने केला.

दागिना गहाण टाकणे म्हणजे काय, हे आपल्या घरांतल्या आयाबायांना विचारावे. पेरणीसाठी, फीसाठी, आजारपणासाठी पाटल्या पेढीवर जातात तेव्हा नुसते सोने जात नाही. स्करीच्या पुस्तकातली ही पाने मला परकी वाटली नाहीत. विश्वचषकाचा देश, नव्वद हजारांचे मैदान, आणि त्याच देशात जखमी झालेल्या खेळाडूला आपले दुखणे खरे आहे हे सिद्ध करत बसावे लागते. येथे ती व्याख्यान देत नाही. वाक्ये लहान होतात. जिने आयुष्यभर दुसऱ्यांचा गोल राखला, तिला स्वतःपुढे कोणी उभे नाही हे कळते, आणि तेवढे कळणे ती लिहिते.

पुढे सुटकाही आहे. क्रिसा झायझोस ही तिच्या आयुष्यात आली. तिच्या मदतीने पदके सुटली, आणि पुढे दोघींनी लग्न केले. २०१३ साली वॉशिंग्टनच्या जॉर्जटाऊन रुग्णालयात डोक्याच्या मागल्या भागातील मज्जातंतूंवर शस्त्रक्रिया होऊन दुखणे हटले. २०१४ साली खेळातल्या डोक्याच्या दुखापतींविषयी तिने अमेरिकन संसदेच्या समितीपुढे साक्ष दिली. २०१७ साली अमेरिकेच्या फुटबॉल सन्मानदालनासाठी तिची निवड झाली. हा मान मिळालेली ती पहिली कृष्णवर्णीय स्त्री आणि पहिली महिला गोलरक्षक. हा भाग पुन्हा यशोगाथेकडे वळतो, पण आता त्या यशाची किंमत आपण पाहिलेली असते.

पुस्तकाच्या नावाचा अर्थ येथे उलगडतो. इंग्रजीतल्या त्या 'सेव्ह'ला मराठीत नेमका एक शब्द नाही; आपण चेंडू 'अडवला' म्हणतो, गोल 'वाचवला' म्हणतो. पण हे नाव मराठीत आणायचे तर मी 'वाचवणे' हेच क्रियापद घेईन, कारण त्याच्या पोटात 'वाचणे' आहे. पॅसाडेनात स्करीने वाचवले. लिटल फॉल्सच्या काठावरून ती वाचली. पहिल्या गोष्टीला नव्वद हजार साक्षीदार होते आणि तिच्यात अर्धे पाऊल पंचांच्या कृपेचे होते. दुसरीला साक्षीदार नव्हता, कोणाची कृपाही नव्हती. तिचा खरा पराक्रम कोणता, याबद्दल पुस्तकाच्या मनात थोडी चलबिचल दिसते. माझ्या मनात नाही.

वाङ्मयीन गुणवत्तेचा निकाल द्यायचा तर सोलोचे पुस्तक अधिक धारदार आहे आणि स्करीचे अधिक मोठे. सोलो आपल्यावर झालेला अन्याय सांगते आणि वाचकाला पंच करते. स्करी, निदान उत्तरार्धात, निकाल मागत नाही. हांगझोऊच्या त्या चार गोलांविषयी दोघींपैकी कोण खरे, हा प्रश्न मी पुस्तके हातात घेतली तेव्हा माझ्यापुढे होता. मिटली तेव्हा तो उरला नव्हता. पराभव दोघींचा होता. एकीने तो दुसरीच्या नावावर लिहिला, दुसरीने तो आपल्या नावावर ठेवून घेतला. माझ्या मते आत्मकथनाची सुरुवात या दुसऱ्या जागेवरून होते.

आपल्याकडच्या मुली आता फुटबॉल खेळतात. गोव्यात तर कितीतरी वर्षे खेळत आहेत. त्यांच्यातली एखादी हातमोजे उतरवल्यावर लिहायला बसेल, तेव्हा तिने कोऱ्या पाट्यांची यादी देऊ नये. सुटलेल्या एका चेंडूविषयी सावकाशीने, कोणाला दोष न देता लिहावे. ते पुस्तक मराठीत येवो की कोकणीत येवो, मी ते विकत घेऊन वाचीन.